मीटरला सूनबाईंचं नाव माहीत नसतं

२०२५ च्या उन्हाळ्यात आलेलं वाचकाचं पत्र, थोडक्यात: पत्रलेखक ठाण्याचे, वय ६३, पाच वर्षांपूर्वी निवृत्त झालेले. घरात ते, पत्नी, मुलगा, सून आणि ऑक्टोबरमध्ये जन्मलेला नातू. बाळंतपण ठाण्यातच झालं. विहीणबाई मदतीला आल्या आणि डिसेंबरअखेरपर्यंत राहिल्या. बारशासाठी सगळे चार दिवस संगमनेरला जाऊन आले. घरात पाइपगॅस आहे, शेगडीला आणि बाथरूममधल्या गीझरलाही.

ते लिहितात: ‘सप्टेंबर-ऑक्टोबरचं बिल १,०५६ रुपये आलं. नोव्हेंबर-डिसेंबरचंही तेवढंच. मग विहीणबाई गेल्या, घरातलं एक माणूस कमी झालं, आणि जानेवारी-फेब्रुवारीचं बिल आलं २,२०८! सूनबाई रजेवर, दिवसभर घरी. चार-चार वेळा चहा, बाळाच्या बाटल्या उकळणं, पाणी तापत ठेवून फोनवर बोलत बसणं. मी वेळा लिहून ठेवायला लागलो. एकदा तिचा दुपारचा चहा चालू असताना मी गॅसचा मुख्य कॉकच बंद केला. त्यानंतर तिने स्वतःच्या पैशांनी विजेची किटली आणली. आता ती खोलीतच चहा करून घेते. पत्नी माझ्याशी कामापुरतं बोलते. त्यात एप्रिलमध्ये दर पुन्हा वाढला. युद्ध रशियाचं, भानगडी आखातातल्या आणि भुर्दंड पेन्शनरला. पाइप काढून पुन्हा सिलिंडर घ्यावा का? की इंडक्शन बरं? आणि सूनबाईंना गॅसची किंमत समजावून कशी सांगावी?’

ताजा कलममध्ये एक ओळ आहे: ‘मुलाने नवीन फ्लॅटचं कर्ज काढल्यापासून घरात पैसे देणं बंद केलं आहे, पण तो विषय वेगळा.’ सोबत तिन्ही बिलांचे फोटो.

उत्तर:

बिलांचे फोटो पाठवलेत ते फार बरं केलंत. नुसतं पत्र वाचलं असतं तर मी तुमची तरी बाजू घेतली असती, नाही तर सूनबाईंची. बिलं वाचल्यावर तिसरीच गोष्ट दिसली. तुम्ही एवढ्या बारकाईने चहाच्या वेळा टिपल्यात, पण मधल्या बिलावरचा एक शब्द तुमच्या नजरेतून सुटलाय.

नोव्हेंबर-डिसेंबरचं बिल पुन्हा हातात घ्या. चालू रीडिंगच्या आकड्याशेजारी बारीक अक्षरात ‘सरासरी’ असं छापलंय. रीडिंग घ्यायला माणूस आला तेव्हा तुमचं दार बंद होतं. तुम्ही सगळे संगमनेरला नातवाचं नाव ठेवत होतात. दार बंद मिळालं की मागच्या वापरावरून अंदाजे युनिटं धरून बिल काढतात आणि पुढच्या वेळी खरं रीडिंग मिळालं की उरलेली युनिटं त्या बिलात येतात. म्हणून सप्टेंबर-ऑक्टोबरला २२ युनिटं, नोव्हेंबर-डिसेंबरलाही नेमकी २२, आणि पुढे एकदम ४६. (युनिट म्हणजे इथे एक स्टँडर्ड क्यूबिक मीटर गॅस.) घरात बाळंतीण, तिची आई, डिंकाचे लाडू, अळिवाची खीर, शेक-शेगडी आणि दिवसभर गरम पाणी, आणि तरी वापर ऑक्टोबरएवढाच? हा प्रश्न तुम्हाला जानेवारीतच पडायला हवा होता. पण कमी आलेल्या बिलाची चौकशी आपण कधी करतो?

आता दोन्ही बिलं एकत्र धरा. चार महिन्यांत ६८ युनिटं, म्हणजे दर दोन महिन्यांना ३४. त्या वेळच्या ४८ रुपये दराने त्याचे १,६३२ होतात. तुम्ही १,०५६ वरून २,२०८ ची उडी पाहिलीत. खरी वाढ १,०५६ वरून १,६३२ ची आहे. दोन महिन्यांत ५७६ रुपये, महिन्याला २८८. आणि त्यातली बरीचशी युनिटं विहीणबाई घरात होत्या तेव्हाची असणार. ‘एक माणूस कमी झालं आणि बिल दुप्पट झालं, म्हणजे सूनबाईच’ हा तुमच्या पत्राचा कणा. तो इथेच मोडतो. वाईट वाटून घेऊ नका, मीही एकदा विजेचं सरासरी बिल खरं समजून महिनाभर शेजारणीच्या पाण्याच्या पंपावर संशय घेत होते.

तरी १२ युनिटांची वाढ उरतेच. ती कुठे गेली, हे शोधू.

चहापासून सुरुवात करू, कारण आरोप त्याच्यावर आहे. एका माणसाचा चहा लहान बर्नरवर पाच-सहा मिनिटांत होतो. त्याला जळणारा गॅस एका युनिटाच्या शंभराव्या हिश्शाच्या जरासा वर. पैशांत साठएक पैसे. सूनबाईंनी रोज एक जादा चहा केला तर महिन्याचे अठरा रुपये. त्या चहातलं दूध याच्या कितीतरी पट महाग पडतं, आणि अंगावर पाजणाऱ्या बाईला ते मिळायलाच हवं. बाटल्या उकळायचं पाणीही याच हिशोबातलं, थोडं जास्त धरा. ज्या दुपारी तुम्ही कॉक बंद केलात, त्या दुपारी वाचले ते साठ पैसे.

आता बादली. वीस लिटर पाणी हिवाळ्यातल्या नळाच्या पाण्यापेक्षा वीस अंशांनी गरम करायचं तर गीझरला साधारण ०.०६ युनिट गॅस लागतो, जवळजवळ तीन रुपये. चहाच्या पाचपट. १२ युनिटांत अशा दोनशे बादल्या होतात. साठ दिवसांत दोनशे म्हणजे दिवसाला तीन-सव्वातीन. बाळाची मालीश आणि आंघोळ, बाळंतिणीचं कढत पाणी, दुपटी-लंगोट धुवायला कोमट पाणी, थंडीत प्रत्येकाची अर्धी बादली जास्त, आणि (रागावू नका) निवृत्त झाल्यापासून सावकाश होणारी तुमची स्वतःची आंघोळ. हिशोब जुळला. तुमच्या वहीत स्वयंपाकघरातल्या वेळा आहेत. बाथरूमच्या नाहीत. तिथे जाणारे सगळेच होते.

माझ्या अंदाजावर विसंबू नका, घरीच तपासून बघा. शेगडी बंद असताना मीटर वाचा, गीझर लावून एक बादली भरा, पुन्हा वाचा. मीटरवरचे काळे आकडे पूर्ण युनिटांचे आणि लाल आकडे त्यानंतरच्या दशांशांचे. पाच मिनिटांत कळेल की तुमच्या घरात एक बादली कितीला पडते. ज्यांच्या घरी गॅसचं बिल ‘अचानक’ वाढलं आहे अशा प्रत्येकाने हे एकदा करावं. आणि दर महिन्याच्या एक तारखेला मीटरचा फोटो काढून ठेवावा. गावाला जायचं असेल तर रीडिंग स्वतः कळवण्याची सोय असते, ती वापरावी. बिल आल्यावर रक्कम सगळ्यात शेवटी बघायची. आधी रीडिंग खरं की सरासरी, मग युनिटं, मग दर, मग किती दिवसांचं बिल. पंचावन्न दिवसांचं आणि सदुसष्ट दिवसांचं बिल शेजारी ठेवून घरात वाद घालणारे लोक मला माहीत आहेत.

इथे मला तुमचे सगळे प्रश्न बाजूला ठेवून एक गोष्ट सांगायची आहे, आणि ती खर्चाची नाही. तुम्ही ओघात लिहून गेलात की गीझर बाथरूममध्ये आहे. आणि पुढे, ‘बाळाला वारा लागू नये म्हणून खिडकी बंद ठेवतो.’ हे दुसरं वाक्य वाचून माझ्या पोटात खड्डा पडला. गॅसचा गीझर जळताना खोलीतला प्राणवायू वापरतो. तो कमी पडला की ज्योत अर्धवट जळते आणि कार्बन मोनॉक्साइड तयार होतो. गळणाऱ्या गॅसला वास येतो, कारण तो मुद्दाम मिसळलेला असतो. कार्बन मोनॉक्साइडला वास नाही, रंग नाही. माणसाला गरगरतं, झोप येते, आणि दाराला आतून कडी असते. दर हिवाळ्यात वर्तमानपत्रात अशी बातमी येते आणि आपण ‘अरेरे’ म्हणून पान उलटतो. चार खोल्यांच्या घरात सगळ्यात लहान, सगळ्यात बंद खोलीत तुम्ही सहा-सात महिन्यांच्या बाळाला आंघोळ घालता आहात.

आजपासून एवढं करा: दार-खिडकी उघडी ठेवून बादली भरायची, गीझर बंद करायचा, थोडा वेळ जाऊ द्यायचा, आणि मगच बाळाला आत न्यायचं. गीझर चालू असताना आत कोणी आंघोळ करायची नाही, तुम्हीसुद्धा. आणि या महिन्यातच अधिकृत तंत्रज्ञाकडून तो बाथरूमच्या बाहेर, हवा खेळती असेल अशा जागी बसवून घ्या. बाहेर जागाच नसेल तर गॅसचा काढून विजेचा बसवा. त्याने बिल थोडं वाढेल. वाढू दे. गॅसच्या खर्चाबद्दल लिहिणारी मी हे म्हणते आहे.

हं. आता युद्ध.

दर वाढला हे खरं. एप्रिल २०२५ मध्ये मुंबई-ठाण्यात घरगुती पाइपगॅस ४८ चा ४९ झाला. तुमच्या जुन्या २२ युनिटांवर त्याचे बावीस रुपये होतात, दोन महिन्यांचे. पण तुम्ही त्याचं खापर ज्याच्यावर फोडताय तो आरोपीसुद्धा जरा तपासून पाहू.

आपल्या शेगडीत जळणारा गॅस बहुतांशी इथलाच. १९७४ मध्ये मुंबईच्या समुद्रात ‘बॉम्बे हाय’ हे तेल-वायूचं क्षेत्र सापडलं, वसईच्या समुद्रातलं गॅसक्षेत्र त्यानंतरचं. त्या गॅसचा एक भाग उरणला किनाऱ्याला येतो. भारताला लागणाऱ्या नैसर्गिक वायूपैकी जवळजवळ निम्मा आयात होतो, थंड करून द्रवरूपात, जहाजांतून. त्यातला मोठा वाटा कतारचा. पण देशी स्वस्त गॅस वाटताना घरगुती स्वयंपाकाला पहिला मान आहे. २०२४ च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरात शहरी गॅस कंपन्यांचा देशी वाटा कापला गेला तेव्हा ती कात्री सीएनजीला लागली. त्या नोव्हेंबरात मुंबईत सीएनजी किलोमागे दोन रुपयांनी महागला आणि तुमचा पाइपगॅस ४८ वरच राहिला. रिक्षावाल्याने सोसलं ते तुम्हाला कळलंही नाही.

या देशी गॅसचा भाव एप्रिल २०२३ पासून एका सूत्राने ठरतो. भारत घेतो त्या कच्च्या तेलाच्या सरासरी किमतीच्या दहा टक्के. पण ओएनजीसी आणि ऑइल इंडिया या सरकारी तेल कंपन्यांच्या जुन्या क्षेत्रांतल्या गॅससाठी किमान चार डॉलर आणि कमाल साडेसहा डॉलर, एका एमएमबीटीयूला (हे उष्णता मोजायचं माप). ही कमाल मर्यादा दोन वर्षं हलवायची नाही, नंतर दर वर्षी पाव डॉलरने वाढवायची, असं तेव्हाच ठरलं होतं. एप्रिल २०२५ मध्ये दोन वर्षं पूर्ण झाली आणि मर्यादा पावणेसात झाली. तुमचा एक रुपया वाढला तो याच वेळी. त्यासाठी कुठे नवीन तोफ डागावी लागली नाही, ते दोन वर्षांपूर्वीच कागदावर लिहिलेलं होतं.

तुमच्या रागाला जागा होती ती २०२२ मध्ये. युक्रेनवर हल्ला झाला, युरोपला रशियाचा पाइपमधला गॅस मिळेनासा झाला आणि तिथल्या श्रीमंत देशांनी जगभरातली जहाजं मिळेल त्या भावाने उचलली. रशियन कंपनीच्या एका उपकंपनीशी आपल्या ‘गेल’ या सरकारी गॅस कंपनीचा वीस वर्षांचा करार होता, तिकडून येणारी जहाजंही त्या वर्षी अडली. तेव्हाचं देशी गॅसचं सूत्र परदेशी बाजारांना बांधलेलं, त्यामुळे एका वर्षात भाव २.९० डॉलरवरून ८.५७ ला गेला. राज्य सरकारने १ एप्रिल २०२२ पासून नैसर्गिक वायूवरचा व्हॅट साडेतेरावरून तीन टक्क्यांवर आणला होता, म्हणून मुंबई-ठाण्यात पाइपगॅस ३६ रुपयांना मिळायला लागला होता. त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात तो ५४ झाला. सात महिन्यांत दीडपट! एप्रिल २०२३ मध्ये नवं सूत्र आल्यावर ४९, ऑक्टोबरमध्ये ४७, जुलै २०२४ मध्ये ४८. म्हणजे आज तुम्ही ज्या दरावर पत्र लिहिलंत त्यापेक्षा पाच रुपये जास्त दराने तुम्ही एके काळी निमूट बिल भरलंय. तेव्हा घरात तिघं होतात, बिल लहान होतं, आणि शोधायला आरोपी नव्हता.

आता सिलिंडर. चौदा किलो दोनशे ग्रॅमच्या सिलिंडरात जेवढी उष्णता असते तेवढी पाइपगॅसच्या साधारण १८ युनिटांत. ४९ ने १८ युनिटांचे ८८२ होतात. ८ एप्रिल २०२५ च्या पन्नास रुपये वाढीनंतर मुंबईत सिलिंडर ८५२ रुपये ५० पैशांना झाला. म्हणजे हिशोबाने सिलिंडर तीसएक रुपयांनी स्वस्त. ‘पाइपगॅस म्हणजे स्वस्तच’ असं जाहिरातीत वाचलं असेल, पण तो दर वेळी स्वस्त असतोच असं नाही. तुमच्या ३४ युनिटांना दोनपेक्षा थोडे कमी सिलिंडर लागतील. दोन महिन्यांत पन्नास-साठ रुपये वाचतील आणि ते वर आणून देणाऱ्याच्या हातावर ठेवाल. शिवाय पाइपगॅसचे आणि सिलिंडरचे नॉझल वेगळे, शेगडी-गीझर दोन्हीचे बदलावे लागतील. आणि मागचं विसरू नका, मार्च २०२३ मध्ये मुंबईत हाच सिलिंडर १,१०२ रुपये ५० पैशांना होता, तेव्हा पाइपगॅसवाले मजेत होते. तराजू असा वर-खाली होत राहतो. त्याच्या मागे धावून दर दोन वर्षांनी पाइप जोडणं-काढणं काही खरं नाही.

गंमत अशी की आखाताच्या भानगडी टाळायला तुम्ही सिलिंडर घ्यायला निघालात, आणि देशाला लागणाऱ्या एलपीजीपैकी साठ टक्क्यांच्या आसपास बाहेरून येतो, मुख्यतः आखातातून. त्याचा भाव सौदी अरेबियाच्या महिन्याच्या दरावरून चालतो, आणि सामान्य ग्राहकाच्या खात्यात येणारं अनुदान २०२० पासून जवळजवळ थांबलेलंच आहे. (उज्ज्वला आणि अन्नपूर्णा योजनेतल्या घरांचं गणित वेगळं, त्यांना सिलिंडरच फायद्याचा.) पाइप सोडून सिलिंडरवर जाणं म्हणजे आगीतून उठून फुफाट्यात.

तुमच्या पिढीला, म्हणजे माझ्याही, सिलिंडर जवळचा वाटतो याचं कारण मला वाटतं भावात नाही. आपण नंबर लावून वर्षानुवर्षं थांबलेली माणसं. स्टोव्हची पिन, रॉकेलचा डबा, आणि एक दिवस घरात लाल सिलिंडर. माझी आई नवा सिलिंडर लावला की कॅलेंडरवर त्या तारखेला ‘गॅस’ असं पेन्सिलने लिहायची. संपला की दिवस मोजायची: ‘या वेळी अडतीसच दिवस गेला.’ गॅस ‘गेला’, आपोआप, जसा पाऊस जातो. कोणी जाळला हे विचारायची पद्धत नव्हती, कारण मोजायची सोय नव्हती. मीटर आला आणि प्रत्येक घरात एक ऑडिटर तयार झाला. पूर्वी तुमच्या आईने पाहुण्यांना किती वेळा चहा टाकला हे तुमच्या वडिलांना ठाऊक नव्हतं. त्यात घराचं काही बिघडलं नाही.

इंडक्शनचं सोपं आहे. शेगडीवर एक युनिट गॅस जे काम करतो त्याला इंडक्शनवर साडेपाच ते सहा युनिट वीज लागते. म्हणून तुमच्या विजेच्या बिलात शेवटच्या युनिटाला पडणारा दर, वहन आकार धरून, साधारण आठ रुपयांच्या आत असेल तर इंडक्शन परवडतं. वर असेल तर नाही. शेवटच्या युनिटाचा दर बघायचा, सरासरीचा नाही. महावितरणच्या बिलात पहिली शंभर युनिटं स्वस्त आणि त्यापुढे दर जवळजवळ दुप्पट. तुमच्यासारख्या पाच माणसांच्या, फ्रिज-पंखे-वॉशिंग मशीन असलेल्या घरात शंभर कधीच ओलांडलेले असतात. तेव्हा गॅस आहे तसा राहू दे आणि अडीअडचणीला एक साधी इंडक्शनची प्लेट घरात असू दे. पाइपलाइनचं काम निघालं, दोन दिवस गॅस बंद, असं होतं. दोनजणांचं घर असेल, विजेचा वापर शंभरच्या आत असेल, तर मात्र उलटा विचार करायला हरकत नाही.

सूनबाईंच्या किटलीत लिटरभर पाणी उकळायला साधारण ०.१ युनिट वीज लागते. गॅसवर तेवढ्यालाच येते, वीस-पंचवीस पैसे इकडेतिकडे. म्हणजे त्यांनी किटली आणून घराचं नुकसान केलं नाही आणि फायदाही नाही. ती किटली पैशांसाठी आलेलीच नाही.

बचत करायचीच असेल तर ती बादलीत आहे. गीझरचं तापमान कमी ठेवा. कढत पाणी काढून त्यात गार मिसळण्यापेक्षा हवं तेवढंच कोमट काढलं तर पाइपमध्ये आणि हवेत वाया जाणारी उष्णता वाचते. आता उन्हाळा आहे, मे महिन्यात ठाण्यात नळालाच कोमट पाणी येतं, तुमचं पुढचं बिल आपोआप उतरेल. त्याचं श्रेय स्वतःच्या वहीला देऊ नका. शेगडीची ज्योत निळी आहे का पाहा. पिवळी असेल, भांड्याला काजळी धरत असेल तर बर्नर साफ करून घ्या. डाळ भिजवून कुकरला लावा, पातेल्यावर झाकण ठेवा, हे तुमच्या पत्नीला माझ्यापेक्षा चांगलं माहीत आहे. सोसायटीच्या गच्चीवर सौर बंब बसवता येतो का, हे पुढच्या सर्वसाधारण सभेत विचारा. तुमच्याकडे वेळ आहे, वही आहे, चिकाटी आहे. चेअरमन दचकतील.

आणि आता ताजा कलम. ‘तो विषय वेगळा’ असं तुम्ही लिहिलंत. मला तो वेगळा वाटत नाही. महिन्याला २८८ रुपये हा तुमच्या घराचा प्रश्न नाही. पेन्शन तेवढीच, घरात खाणारी तोंडं वाढली, आणि मुलाने घरात पैसे देणं थांबवलं, हा प्रश्न आहे. तो मोठा आहे आणि न्याय्यही आहे. पण मुलाला विचारायचं अवघड जातं. कर्ज आहे, बाळ लहान आहे, तो रात्री नऊला दमून येतो, आणि बापाने पैसे मागायचे म्हणजे आपल्याकडे जीभ रेटत नाही. चहा टाकणारी सूनबाई मात्र समोर असते. तिला विचारलं नाही तरी कॉक बंद करता येतो. न बोललेलं मुलाचं बिल तुम्ही सुनेच्या नावावर लावलंत, असं मला पत्रावरून दिसतं. चूक असेन तर कळवा, मी मागे घेईन.

मुलाशी बोला, एकट्याशी. गॅसचं नाव काढू नका. महिन्याचा घरखर्च एका कागदावर मांडा: किराणा, दूध, वीज, गॅस, सोसायटीचा मेंटेनन्स, औषधं. त्याच्यासमोर ठेवा आणि विचारा, ‘यातलं तू काय उचलू शकतोस?’ रोख रक्कम जड जात असेल तर एखादं खातंच त्याच्याकडे द्या. किराणा त्याचा किंवा वीज-गॅस त्याचे. गॅसचं बिल त्याच्या फोनवर जाऊ लागलं की तुमचं निम्मं दुखणं तसंच कमी होईल. हप्त्यांमुळे त्याला खरंच काही जमत नसेल तर तसं त्याने सांगावं, किती महिने ते सांगावं. बापाला अंदाज बांधत बसायला लावू नये. हे उत्तर त्याला वाचायला दिलंत तरी चालेल.

राहिला तुमचा शेवटचा प्रश्न, सूनबाईंना गॅसची किंमत कशी समजावून सांगावी. नका सांगू. तुमच्याकडे चुकीचं बिल होतं, हे सांगा. ‘मधलं बिल सरासरीचं होतं, मी नीट पाहिलं नाही, त्या दिवशी कॉक बंद करायला नको होता,’ एवढी तीन वाक्यं, पत्नी ऐकत असताना. स्पष्टीकरण जोडू नका, विशेषतः ‘पण’ने सुरू होणारं. वही फाडायचीही गरज नाही, तिच्यात आता मीटरची रीडिंगं लिहा. त्या लगेच किटली उचलून ठेवतील अशी अपेक्षा धरू नका, दोन-तीन महिन्यांचा राग तीन वाक्यांत जात नाही. दुपारी चारला तुमचा स्वतःचा चहा टाकाल तेव्हा आधण दोन कप जास्त ठेवा आणि दारावर टकटक करून विचारा. नको म्हणाल्या तर पत्नीला द्या. उद्या पुन्हा ठेवा. रोजचे साठ-साठ पैसे जातील.

मार्च-एप्रिलचं बिल काही दिवसांत येईल. त्याचा फोटो पाठवायची घाई नाही. गीझर बाहेर बसवून घेतला की त्याचा पाठवा.